जीन हॅकमन : गाडीतून हललेला एक हात

सांजवारा

फेब्रुवारी २०२५ मध्ये हॉलिवूडचा नट जीन हॅकमन गेला. वय ९५. सांता फेच्या घरात आधी त्याची पत्नी बेट्सी हंताव्हायरसच्या संसर्गाने गेली आणि आठवडाभराने तो. तेव्हा बातम्यांनी त्या शेवटच्या दिवसांचा एवढा चोथा केला की त्याच्या कामाबद्दल कुणी धड बोललंच नाही. म्हणून हा धागा. त्याच्या मृत्यूची चर्चा इथे नको, एवढी एक विनंती.

मी गेले काही महिने त्याचे चित्रपट क्रमाने पाहतेय. पाहता पाहता एक गोष्ट मनात रुतून बसली.

हॅकमन इलिनॉयमधल्या डॅनव्हिल नावाच्या गावात वाढला. वडील तिथल्या वर्तमानपत्राच्या छापखान्यात यंत्र चालवायचे. तो तेरा वर्षांचा असताना एकदा रस्त्यावर खेळत होता. वडील गाडीतून जवळून गेले, जाता जाता त्याच्याकडे बघून हात हलवला आणि पुढे निघून गेले. ते घर सोडून चालले होते. पोराला ते त्या हातावरूनच कळलं. पुढे म्हातारपणी एका मुलाखतीत त्याने हे सांगितलं, आणि असंही म्हणाला की एवढीशी हालचाल किती काही सांगू शकते हे मला तेव्हा समजलं, कदाचित म्हणूनच मी नट झालो.

हे वाचलं त्या दिवशी रात्री मी 'द फ्रेंच कनेक्शन' (१९७१) पुन्हा लावला. त्यात भुयारी रेल्वेतला तो प्रवेश आहे. हॅकमनचा पोलीस, पोपाय डॉइल, एका फ्रेंच तस्कराचा पाठलाग करतोय, तस्कर छत्रीच्या टोकाने दार अडवून त्याला चकवतो, गाडी सुटते, आणि आतून तो फलाटावर धावणाऱ्या डॉइलला शांतपणे हात हलवून निरोप देतो. चित्रपटाच्या शेवटी पुलावर नाकाबंदी असते. समोर डॉइल उभा. तो फक्त बोटं हलवतो, तसाच निरोप परत करतो. मी हा चित्रपट याआधी तीनदा तरी पाहिला असेन. या खेपेला त्या बोटांकडे बघवेना.

मग दिसतच गेलं. 'आय नेव्हर सँग फॉर माय फादर' (१९७०) मध्ये तो चाळिशीचा मुलगा आहे, हट्टी म्हाताऱ्या बापाला ना सोडू शकतो ना त्याच्यावर प्रेम करू शकतो. बाप मेल्व्हिन डग्लस. 'नाइट मूव्हज' (१९७५) मध्ये तो खासगी गुप्तहेर आहे. स्वतःला सोडून गेलेल्या बापाचा माग त्याने एकदा काढला होता. बाप सापडला, बागेतल्या बाकावर बसलेला एक म्हातारा. हा लांबून बघत राहिला आणि न बोलता परत फिरला. एवढंच तो बायकोला सांगतो. सांगताना आवाज चढत नाही, डोळे भरत नाहीत. दुसरा कुणी नट असता तर तिथे पाझर फोडला असता.

आणि कारकिर्दीच्या शेवटाकडे, २००१ मध्ये, 'द रॉयल टेननबॉम्स'. तिथे तो स्वतःच सोडून गेलेला बाप झाला. वेस अँडरसनने ती भूमिका त्यालाच डोळ्यांसमोर ठेवून लिहिली होती. त्याला ते मुळीच आवडलं नव्हतं, बराच काळ तो तयारच होईना.

तुम्हाला हॅकमन कुठे दिसला, कुठल्या प्रवेशात, कुठल्या हालचालीत, ते लिहा. नुसती नावांची यादी नको.

---

किल्लेदार_७

उत्तम धागा. सुरुवातीच्या दिवसांची भर घालतो, कारण हा माणूस वयाने उशिरा उगवला आणि त्याचं बरंचसं मर्म त्यातच आहे असं मला वाटतं.

सोळाव्या वर्षी वय खोटं सांगून मरीन्समध्ये भरती झाला. साडेचार वर्षं बिनतारी संदेशाचं काम. चीन, जपान, हवाई. सुटल्यावर इकडे तिकडे करत पंचविशीनंतर कॅलिफोर्नियातल्या पासाडेना प्लेहाउसमध्ये अभिनय शिकायला गेला. तिथे वर्गात आणखी एक मुलगा होता, डस्टिन हॉफमन. वर्गाने दोघांवर शिक्का मारला : 'यशस्वी होण्याची शक्यता सर्वात कमी'. मग न्यूयॉर्क. तिथे हॉफमन, रॉबर्ट ड्युव्हाल आणि हा अशी दोस्ती. पोटासाठी पडेल ते काम केलं, टाइम्स स्क्वेअरमधल्या उपाहारगृहाच्या दाराशी गणवेश घालून उभाही राहिला.

१९६४ साली ब्रॉडवेवर एका विनोदी नाटकात नाव झालं. त्याच वर्षी 'लिलिथ' चित्रपटात एक लहानसा प्रवेश मिळाला, नायक वॉरन बेटी. तो एक प्रवेश बेटीच्या लक्षात राहिला. तीन वर्षांनी 'बॉनी अँड क्लाइड' काढताना त्याने थोरल्या भावाच्या, बक बॅरोच्या भूमिकेसाठी हॅकमनला बोलावलं. पहिलं ऑस्कर नामांकन तिथलं. वय तेव्हा ३७.

त्याच वर्षी त्याला 'द ग्रॅज्युएट'मधून तालमीतच काढून टाकलं होतं. मिसेस रॉबिन्सनच्या नवऱ्याची भूमिका होती, दिग्दर्शक माइक निकोल्सला तो त्यासाठी फार तरुण वाटला. नायक होता हॉफमन.

---

मृद्गंध

वाचतेय. सांजवारा, बाकावरच्या बापाचा उल्लेख वाचून काटा आला. 'नाइट मूव्हज' पाहिलेला नाही, आता पाहीन.

---

तिसरी घंटा

सांजवारा, लेखन आवडलं, पण थोडा वेगळा सूर लावतो. मी हौशी रंगभूमीवर पंचवीस वर्षं काढली आहेत, त्यामुळे नटाचं सगळं काम त्याच्या बालपणाच्या खुंटीला टांगलं की मला अस्वस्थ व्हायला होतं. बाप सोडून गेलेली मुलं पुष्कळ असतात. हॅकमन एकच झाला. तो कसा झाला हे बघायचं तर त्याची कारागिरी बघावी लागेल.

माझ्या मते तो ऐकणारा नट होता. समोरचा बोलत असताना तो काय करतो ते बघा. आपल्याकडे तालमीत नव्या मुलांना सांगावं लागतं, बाबा रे, तुझं वाक्य येईपर्यंत नुसता थांबू नकोस, ऐक. हॅकमनच्या चेहऱ्यावर ते ऐकणं घडताना दिसतं.

आणि हे ज्या चित्रपटात पराकोटीला गेलं तो फ्रान्सिस फोर्ड कपोलाचा 'द कॉन्व्हर्सेशन' (१९७४). त्यात ऐकणं हाच त्याचा धंदा आहे. हॅरी कॉल, चोरून संभाषणं ध्वनिमुद्रित करणारा तज्ज्ञ. सॅन फ्रान्सिस्कोच्या युनियन स्क्वेअरमध्ये एक तरुण जोडपं दुपारच्या गर्दीत फेऱ्या मारत बोलतंय, आणि ह्याने तीन ठिकाणी माणसं पेरून ते सगळं पकडलंय. मग गोदामातल्या कार्यशाळेत तो त्या फिती पुन्हा पुन्हा वाजवतो. गोंगाटातून एक वाक्य वर येतं : संधी मिळाली तर तो आपल्याला ठार करील. हॅरीला ऐकू येतो जोर 'ठार'वर. तो घाबरतो, ह्यांचा जीव धोक्यात आहे. शेवटी कळतं की जोर 'आपल्याला'वर होता, आणि मग सगळा अर्थच फिरतो. ध्वनी आणि संकलनाची ही करामत वॉल्टर मर्चची. पण ती आपल्याला पटते कशामुळे? कारण फीत फिरत असताना पडद्यावर हॅकमनचा चेहरा आहे, आणि त्यावर तेच वाक्य दर वेळी वेगळं उमटतं.

या माणसाचं वागणं बघा. पावसाचं चिन्ह नसताना अंगात पारदर्शक रेनकोट. घराला तीन तीन कुलपं, तरी वाढदिवसाला घरमालकीण आत वाइनची बाटली ठेवून गेली म्हणून जीव वरखाली. एकट्याने घरी बसून रेकॉर्डबरोबर सॅक्सोफोन वाजवतो, आणि रेकॉर्डवरच्या टाळ्या आपल्याला असल्यासारखा थांबतो. सॅक्सोफोन हॅकमन त्यासाठी शिकला. शेवटी आपल्याच घरात कुणीतरी ऐकतंय हे समजल्यावर तो भिंतीचे कागद, फरशीच्या फळ्या सगळं उखडतो, मेरीची मूर्तीसुद्धा फोडतो. काहीच सापडत नाही. मग उद्ध्वस्त खोलीत बसून सॅक्सोफोन.

या कामाला ऑस्करचं नामांकनदेखील मिळालं नाही. चित्रपटाला कान महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला होता. मला आजही हे सलतं.

---

ब्रुकलिनचा मुक्काम

मी गेली बारा वर्षं ब्रुकलिनमध्ये राहतो. 'फ्रेंच कनेक्शन'चा तो पाठलाग ज्या उन्नत रेल्वेखाली झाला ती बेन्सनहर्स्टमधली लाइन अजून आहे, आता तिथून 'डी' गाडी जाते. वरून गाडी गेली की खालच्या रस्त्यावर खांबांच्या सावल्या थरथरतात. तिथे उभं राहिलं की कळतं त्या लोकांनी काय धाडस केलं. बराचसा भाग रीतसर परवानगी न घेताच चित्रित केला होता. वेगाच्या तुकड्यांत चाकामागे बिल हिकमन हा स्टंट चालक होता. पण काचेतून दिसणारा, स्टिअरिंगवर हात आपटणारा, ओरडणारा हॅकमन बघा. पाठलागाची भीती गाड्यांपेक्षा त्या चेहऱ्यावर जास्त आहे.

मला मात्र पाठलागापेक्षा दुसरा प्रवेश प्रिय आहे. तस्कर आत उबदार उपाहारगृहात साग्रसंगीत जेवतोय. रस्त्याच्या पलीकडे, न्यूयॉर्कच्या थंडीत, डॉइल पाय आपटत उभा. हातात पिझ्झाचा तुकडा आणि कागदी पेल्यात कॉफी. एक घोट घेतो आणि ओतून देतो. संवाद नाही. त्या ओतण्यात त्या माणसाचा पगार, त्याचा हेवा, त्याची अख्खी नोकरी आहे. इथे हिवाळ्यात बसस्टॉपवर गार झालेली कॉफी ओतताना मला दर वेळी तो आठवतो.

---

अनघा_पु

तिसरी घंटा सरांशी सहमत. पण मला एक अडचण मांडायची आहे आणि ती टाळून या नटावर बोलता येणार नाही.

पोपाय डॉइल हा उघड वर्णद्वेष्टा पोलीस आहे. बारमध्ये घुसून काळ्या माणसांना भिंतीला लावतो, शिव्या देतो. पळणाऱ्या निःशस्त्र माणसाला जिन्यावर पाठीत गोळी घालतो, आणि ते दृश्य चित्रपटाच्या जाहिरातीवर होतं! शेवटी चुकून आपल्याच बाजूचा सरकारी अधिकारी मारतो आणि त्याच्या चेहऱ्यावर रेषही हलत नाही. याला नायक म्हणून टाळ्या पडल्या. मला तेव्हाही पटलं नाही, आताही नाही.

---

किल्लेदार_७

अनघाताई, ही अडचण खुद्द हॅकमनलाही होती. भूमिका बेतली होती एडी इगन या खऱ्या पोलिसावर, तो स्वतः चित्रपटात वरिष्ठाच्या छोट्या भूमिकेत आहे. हॅकमन त्याच्याबरोबर गस्तीवर फिरला. जे पाहिलं ते त्याला सोसेना. ती भाषा तोंडात येईना, चित्रीकरणाच्या सुरुवातीलाच त्याने सोडून जायची तयारी दाखवली होती. दिग्दर्शक विल्यम फ्रीडकिनने रेटून नेलं. पाच ऑस्कर मिळाली, त्यातलं एक हॅकमनचं.

मला वाटतं, आपल्याला डॉइल आवडावा अशी खटपट हॅकमन कुठेच करत नाही. तुमचा राग त्या भूमिकेवर आहे, आणि तो यावा असंच काम आहे ते.

---

अनघा_पु

हे पटलं. पण मग 'मिसिसिपी बर्निंग' (१९८८) बद्दलही बोलू. १९६४ साली मिसिसिपीत चेनी, गुडमन आणि श्वेर्नर या तीन नागरी हक्क कार्यकर्त्यांचा खून झाला, त्यावरची कथा. चित्रपटात सगळा पराक्रम एफबीआयच्या गोऱ्या अधिकाऱ्यांचा. ज्या काळ्या लोकांनी ती चळवळ अंगावर झेलली ते पडद्यावर फक्त मार खातात, रडतात, गातात. प्रदर्शित झाला तेव्हाच यावर अमेरिकेत कडक टीका झाली होती, आणि ती रास्त होती.

तरीही त्यातला एक प्रवेश मी विसरू शकत नाही, आणि तो नेमका सांजवाराच्या मुद्द्याशी जाऊन भिडतो. हॅकमनचा अँडरसन मूळचा मिसिसिपीचाच, आधी तिथे शेरीफ होता. तो सहकाऱ्याला वडिलांची गोष्ट सांगतो. शेजारी मन्रो नावाचा काळा शेतकरी होता, त्याने एक खेचर घेतलं. गावात लोक वडिलांना चिडवू लागले, मन्रोकडे खेचर आहे, तुझ्याकडे नाही. एक दिवस ते खेचर मेलं, कुणीतरी पाण्यात विष घातलं होतं. मन्रो गाव सोडून गेला. नंतर एकदा त्याच्या ओसाड घरावरून जाताना मुलाने वडिलांच्या चेहऱ्याकडे पाहिलं आणि त्याला समजलं. वडिलांनाही कळलं की पोराला समजलंय. ते म्हणाले, आपण त्यांच्याहूनही वरचे नसू तर मग कुणाहून वरचे?

हे सांगताना हॅकमन बापाची बाजू घेत नाही आणि त्याला फाशीही देत नाही. माझा म्हातारा द्वेषाने इतका भरला होता की आपला खरा शत्रू दारिद्र्य आहे हे त्याला कळलं नाही, एवढंच. जात म्हणजे काय हे ज्याने आपल्या घरात पाहिलंय त्याला हा प्रवेश समजावून सांगावा लागत नाही.

---

सांजवारा

अनघाताई, हा प्रवेश मी पाहिला होता आणि तरी धाग्यात लिहायचा राहिला! तुम्ही मांडलात तसा मला मांडता आला नसता.

तिसरी घंटा, तुमचं म्हणणं मान्य, बालपणाने नट घडत नाही. पण तो ऐकत होता असं तुम्ही म्हणता ना, मग तेरा वर्षांच्या मुलाने एका हलणाऱ्या हातात अख्खा निरोप ऐकला, तोही त्याच ऐकण्याचा भाग नाही का? मला दोन्ही गोष्टी एकाच ठिकाणी दिसतात.

'मिसिसिपी बर्निंग'साठी हॅकमनला नामांकन होतं, त्या वर्षीचं 'सर्वोत्कृष्ट अभिनेता' ऑस्कर कुणाला मिळालं माहीत आहे? 'रेन मॅन'साठी डस्टिन हॉफमनला. पासाडेनाच्या वर्गातले ते दोघे 'अयशस्वी' एकाच यादीत होते.

---

जुना प्रेक्षक

तुम्ही सगळे फार गंभीर चित्रपटांवर बोलताय, त्यात आमच्या पिढीचा हॅकमन राहूनच चाललाय. आम्हाला तो भेटला 'द पोसायडन अ‍ॅडव्हेंचर'मध्ये. नववर्षाच्या रात्री उलटलेलं जहाज, तळ वर आणि छत खाली, आणि हा पाद्री मूठभर माणसांना घेऊन वर चढतोय. शेवटी वाफेच्या झडपेच्या चाकाला लोंबकळत देवाशी भांडतो, आणखी किती बळी हवेत तुला म्हणून. झडप बंद करतो आणि खाली आगीत पडतो. मी शाळेत होतो. घरी आल्यावर आईला विचारलं होतं, देवाशी असं भांडलेलं चालतं का?

मग 'सुपरमॅन' (१९७८). खलनायक लेक्स ल्युथर टकला हवा, आणि हा केस काढायला तयार नाही, मिशीही नाही. दिग्दर्शक रिचर्ड डॉनर म्हणाला, तू मिशी काढ, मी माझी काढतो. हॅकमनने काढली. डॉनरने आपली ओढून दाखवली, ती चिकटवलेली होती. टक्कल मात्र शेवटच्या प्रवेशापुरतंच दाखवलं, बाकी सगळे टोप.

आणि 'यंग फ्रँकेन्स्टाइन'मधला आंधळा साधू! चारच मिनिटं. राक्षसाला प्रेमाने घरात घेतो, कढत सूप मांडीवर ओततो, चिरुटाऐवजी त्याचा अंगठा पेटवतो. जीन वाइल्डर त्याच्याबरोबर टेनिस खेळायचा, त्या ओळखीतून ही भूमिका आली. राक्षस किंचाळत पळतो तेव्हा मागून 'मी एस्प्रेसो करणार होतो' हे वाक्य हॅकमनने जागेवर घातलेलं. 'कॉन्व्हर्सेशन' आणि हे एकाच वर्षीचं, १९७४. एकच माणूस!

पण एक सांगतो. सत्तरीच्या दशकाच्या उत्तरार्धात त्याने पैशासाठी भारंभार कामं घेतली. 'लकी लेडी', 'द डॉमिनो प्रिन्सिपल', 'मार्च ऑर डाय'. त्याच्या चाहत्याने तीही एकदा बघावीत. चित्रपट पडेल, पण तो कुठेच अंग चोरताना दिसत नाही.

---

इंडीकर

इंडियानापोलिसहून नमस्कार. इथे 'हूझियर्स' (१९८६) हा चित्रपट नाही, ते गावदैवत आहे. १९५४ साली मायलन नावाच्या छोट्या गावातल्या शाळेने राज्याच्या बास्केटबॉल स्पर्धेत मन्सी सेंट्रलला ३२–३० असं हरवलं, त्या घटनेवरून सुचलेली कथा. हॅकमन नवा प्रशिक्षक. पूर्वी रागाच्या भरात एका विद्यार्थ्यावर हात उचललेला, त्यामुळे उभं आयुष्य वाया गेलेला.

अंतिम सामन्याआधी गावाकडची ती पोरं बटलर विद्यापीठाच्या प्रचंड क्रीडागृहात शिरतात आणि तोंड वासून बघत राहतात. हॅकमन खिशातून मोजपट्टी काढतो. फ्री थ्रोच्या रेषेपासून अंतर मोजायला लावतो : पंधरा फूट. एका पोराला खांद्यावर बसवून कड्याची उंची मोजायला लावतो : दहा फूट. आपल्या गावच्या कोर्टाइतकंच आहे बघा. पोरं निघतात, आणि मग एकटा मागे राहिलेला हॅकमन वर बघून हळूच म्हणतो की केवढं मोठं आहे हे. भीती त्यालाही वाटतेय, पण ती त्याने पोरांपुढे आणली नाही.

मी ते सभागृह पाहायला गेलो, तेव्हा माझ्या मुलाने पट्टी नेली होती.

---

मृद्गंध

इंडीकर, ही प्रतिक्रिया वाचून फार बरं वाटलं.

---

कातळशिल्प

अजून 'अनफरगिव्हन' (१९९२) कुणी घेतला नाही? मग मी घेतो, कारण मला वाटतं हॅकमनच्या कामाचा कळस तो आहे.

क्लिंट ईस्टवुडने विचारलं तेव्हा त्याने आधी नकार दिला होता. इतक्या हिंसक भूमिका केल्या, मुलींनाही ते आवडत नव्हतं. ईस्टवुडने पटवलं की हा चित्रपट हिंसेचं कौतुक करणारा नाही.

लिटल बिल डॅगेट, बिग व्हिस्की गावचा शेरीफ. गावात बंदूक आणायची नाही हा त्याचा कायदा. वरवर पाहता शहाणा कायदा. पण तो मोडणाऱ्या इंग्लिश बॉबला भर रस्त्यात लाथांनी तुडवतो तेव्हा आजूबाजूचे लोक बघवत नाही म्हणून तोंड फिरवतात. पुढे तुरुंगातला प्रवेश आहे. बॉबबरोबर त्याचा चरित्रकार आलाय, बंदूकबाजांच्या थरारक गोष्टी लिहिणारा. लिटल बिल त्याला अगदी आजोबांच्या प्रेमाने समजावतो की नेम धरायला वेग लागत नाही, डोकं थंड लागतं. मग स्वतःचं पिस्तूल त्या लेखकाच्या हातात देतो. घाल गोळी, आणि निघून जा. लेखकाला जमत नाही. मग म्हणतो, बॉबला दे. गजांपलीकडे बॉबच्या कपाळावर घाम. तो पिस्तूल घेत नाही. लिटल बिल ते उघडून दाखवतो, गोळ्या भरलेल्याच होत्या. या सबंध वेळात हॅकमन हसतमुख आहे. मी इतका घाबरवणारा हसरा चेहरा दुसरा पाहिलेला नाही. आपल्याकडे निळू फुल्यांना ही विद्या अवगत होती, आवाज न चढवता घाम फोडायची.

आणि हा माणूस फावल्या वेळात स्वतःच्या हाताने घर बांधतोय. सुतारकाम येत नाही, छप्पर गळतं, पावसात घरभर भांडी लावून ठेवतो. सहकारी मागे हसतात. त्याला मात्र ओसरीवर बसून सूर्यास्त बघत कॉफी प्यायची आहे. शेवटी ईस्टवुडची बंदूक तोंडावर रोखलेली असताना तो म्हणतो, हे असं मरण माझ्या वाट्याला यायला नको होतं, मी घर बांधत होतो.

ईस्टवुडचा साथीदार नेड लोगन याला चाबकाने फोडून ठार मारणारा माणूस हे म्हणतोय, आणि म्हणताना त्याला ते शंभर टक्के खरं वाटतंय. इतर नट खलनायक वठवतात. हॅकमनने असा माणूस उभा केला, ज्याला आपण गावासाठी झिजतोय यात तिळमात्र शंका नाही. दुसरं ऑस्कर याच कामाचं.

---

तिसरी घंटा

कातळशिल्प, व्वा. 'घर बांधत होतो' हे वाक्य तो कसं म्हणतो तेही ऐका. गयावया नाही. एखाद्याला दुकानदाराने चुकीची मोड दिल्यावर वाटतं तसं आश्चर्य आणि किंचित तक्रार. लेखकाच्या कागदावर ते वाक्य रडवं होऊ शकलं असतं.

---

नवखा_वाचक

मी हॅकमनचा एकच चित्रपट पाहिलाय, 'एनिमी ऑफ द स्टेट', टीव्हीवर. आवडला होता. पुढे काय पाहू?

---

किल्लेदार_७

मग उलट्या दिशेने जा. लगेच 'कॉन्व्हर्सेशन' बघा. 'एनिमी'मध्ये तो जणू म्हातारा झालेला हॅरी कॉलच आहे, जाळीच्या पिंजऱ्यात यंत्रं घेऊन राहणारा. सरकारी फायलीत त्याचा तरुणपणीचा जो फोटो दिसतो तो 'कॉन्व्हर्सेशन'मधलाच आहे. त्यानंतर 'स्केअरक्रो' (१९७३), सोबत अल पचिनो. पिट्सबर्गला गाडी धुण्याचं केंद्र काढायचं स्वप्न बाळगणारा तुरुंगातून सुटलेला भांडकुदळ मॅक्स, अंगावर एकावर एक कपड्यांचे थर. कान महोत्सवात त्या वर्षीचा सर्वोच्च पुरस्कार विभागून मिळाला, पण लोक फारसे गेले नाहीत आणि हॅकमनला ते फार लागलं.

हॉफमन आणि हॅकमन एका प्रवेशात समोरासमोर यायला मात्र २००३ उजाडलं. 'रनअवे ज्युरी', न्यायालयाच्या स्वच्छतागृहातली खडाजंगी. पुढच्या वर्षी 'वेलकम टू मूसपोर्ट' आणि मग तो थांबलाच. निरोप समारंभ नाही. डॉक्टरांनी हृदयावर ताण नको म्हणून सांगितलं होतं. चित्रं काढत, कादंबऱ्या लिहीत सांता फेत वीस वर्षं राहिला.

---

पैलतीर

इथे सहसा लिहीत नाही, नुसता वाचतो. आज लिहितो.

माझे वडील मी नऊ वर्षांचा असताना गेले. वारले नाहीत, गेले. एसटी स्टँडवर मला आणि बहिणीला लिमलेटच्या गोळ्या घेऊन दिल्या आणि गाडीत बसले. हात हलवला की नाही ते मला आठवत नाही. बहीण म्हणते हलवला. या धाग्याची पहिली प्रतिक्रिया वाचली आणि तीन दिवस त्या एकाच गोष्टीवर अडकलो.

'रॉयल टेननबॉम्स' मी पूर्वी अर्धा सोडला होता. बाप पोटाचा कॅन्सर झाल्याचं खोटं सांगून घरात परत शिरतो, मला संताप आला होता. या आठवड्यात पूर्ण पाहिला. रॉयल लबाड आहे, स्वार्थी आहे. लहानपणी खेळात त्याने मुलाच्या हातात छऱ्याची गोळी मारली होती, तो छरा मोठेपणीही चॅसच्या बोटांमध्ये तसाच आहे. पण नातवंडांना घेऊन तो शहरभर उंडारतो, कचऱ्याच्या गाडीला लटकतो, तेव्हा हॅकमनचा चेहरा असा उजळतो की राग धरून ठेवणं अवघड जातं. शेवटी चॅस, ज्याची बायको विमान अपघातात गेलीय, बापाला एवढंच म्हणतो की हे वर्ष फार वाईट गेलं, डॅड. आणि रॉयल म्हणतो, माहीत आहे मला. ते म्हणताना तो मान थोडीशी कलती करतो. बस.

मी माझ्या वडिलांना माफ केलेलं नाही आणि चित्रपट पाहून करणारही नाही. पण ते 'माहीत आहे मला' मी चार वेळा मागे नेऊन पाहिलं.

---

तिसरी घंटा

पैलतीर, लिहिलंत हे बरं केलंत. सांजवारा, बालपणाच्या खुंटीबद्दल मी वर लिहिलं ते थोडं घाईने लिहिलं असं आता वाटतंय.

---

सांजवारा

पैलतीर, तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली, लगेच उत्तर देता आलं नाही.

काल रात्री मी 'नाइट मूव्हज' शेवटपर्यंत पाहिला. फ्लोरिडाच्या समुद्रात जखमी हॅकमन नावेत पडलाय, सुकाणूपर्यंत हात पोचत नाही, आणि नाव गोल गोल फिरत राहते. कॅमेरा वर वर जातो. मला सारखं वाटत होतं की तो बाकापर्यंत चालत गेला असता, दोन शब्द बोलला असता तर. तुमच्या बहिणीला विचारा, हात कुठला होता, उजवा की डावा. तिला आठवत असेल.

---

पैलतीर

विचारलं. डावा. उजव्या हातात पिशवी होती म्हणाली.